मालकाने ठेवलेलं नाव

पन्हाळ्याचा वेढा शिकवताना वर्गात एकदम शांतता पसरते. १६६० सालचा पावसाळा, गडाभोवती आवळत आलेला फास, शिवा काशिद, बाजीप्रभू... मुलांना पुढे काय होणार ते आधीच ठाऊक असतं, तरी ती जीव मुठीत धरून ऐकतात. या गोष्टीत एक नाव सारखं येतं आणि कुणी त्याच्यापाशी थांबत नाही. सिद्दी जौहर. शत्रूचं नाव आहे, पाठ करायचं आणि पुढे जायचं. एका वर्षी मात्र मागच्या बाकावरच्या एका मुलीने विचारलं, "मॅडम, जौहर म्हणजे काय?" अरबीत जौहर म्हणजे रत्न, एखाद्या वस्तूचं सत्त्व, असं मी तिला सांगितलं. ती म्हणाली, "मग इतकं छान नाव त्याच्या आईने ठेवलं?"

नाही. त्याच्या आईने नाही. हे मला ठाऊक होतं, आणि त्या तासाला मी ते सांगू शकले नाही, कारण त्या उत्तराला एक तास पुरणार नव्हता.

आपल्या इतिहासात आलेली हबशी माणसांची नावं एका ओळीत मांडून बघा. जौहर. जंजिऱ्याचा सिद्दी संबूल, म्हणजे मूळचा सुंबुल, जटामांसीच्या जातीची सुगंधी वनस्पती. सिद्दी याकूत, याकूत म्हणजे माणिक. पन्हाळ्याच्याच वेढ्यात नेताजी पालकरांबरोबर महाराजांच्या बाजूने जौहरवर चालून गेलेला सिद्दी हिलाल, म्हणजे चंद्रकोर. आणि या सगळ्यांच्या आधीचा, सगळ्यांत मोठा, मलिक अंबर. अर्धी नावं अत्तराच्या दुकानातली, अर्धी जवाहिऱ्याच्या पेटीतली. ज्या मुलांना आफ्रिकेच्या पूर्वेकडून पकडून तांबड्या समुद्रापलीकडे विकलं गेलं, त्यांना अशी नावं कोण देत होतं आणि का, हे समजून घ्यायचं तर दख्खन सोडून आधी अरबस्तानात जावं लागतं.

जुन्या अरबी ग्रंथांत एक प्रसंग येतो. एका वाळवंटी अरबाला कुणी विचारतं, तुम्ही स्वतःच्या मुलांची नावं इतकी वाईट का ठेवता? कल्ब म्हणजे कुत्रा, ज़िब म्हणजे लांडगा. आणि गुलामांची मात्र इतकी गोड? मरज़ूक म्हणजे ज्याला भरभरून मिळालं तो, रबाह म्हणजे नफा. तो उत्तर देतो: मुलांची नावं आम्ही शत्रूंसाठी ठेवतो आणि गुलामांची स्वतःसाठी.

हे उत्तर मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं होतं. मुलगा रणात उतरणार, त्याचं नाव समोरच्याच्या कानी पडणार, म्हणून ते दगडासारखं किंवा जनावराच्या दातासारखं हवं. सख्र म्हणजे खडक. हंज़ला म्हणजे कडू वृंदावन. गुलाम मात्र घरातच राहणार. दिवसातून पन्नास वेळा त्याला हाक मारायची, तर ती हाक मालकाच्या जिभेला गोड लागावी, शुभ वाटावी. ज्याला हाक मारायची त्याला काय वाटतं हा प्रश्नच त्यात नाही. घरच्या नफ्याला 'नफा' म्हणून हाक मारली की तो वाढतो, इतका साधा हिशेब.

हा प्रकार इतका रूढ होता की प्रेषितांच्या नावावर सांगितल्या जाणाऱ्या वचनांतही त्याचा उल्लेख आहे. सहीह मुस्लिम या वचनसंग्रहातली हदीस सांगते की गुलामाचं नाव यसार, रबाह, नजीह किंवा अफ्लह ठेवू नका. सुबत्ता, नफा, यश, भरभराट असे या नावांचे अर्थ. कारणही दिलं आहे: कुणी दारात येऊन "नफा आहे का घरात?" म्हणून विचारेल, तो नसेल तर "नाही" म्हणावं लागेल, आणि तो अपशकुन. मला या हदीशीतून एक घर दिसतं. दार, दाराशी आलेला पाहुणा, आत कुठेतरी कामाला गेलेला एक पोरगा, आणि त्याच्या नावावरून घराचं बरंवाईट जोखणारी माणसं.

आपल्याकडे या दोन्ही टोकांची ओळख आहे. आधीची लेकरं गेली की पुढच्याचं नाव दगडू ठेवायचं, धोंडू ठेवायचं, केरबा ठेवायचं, म्हणजे काळाची नजर पडत नाही. सख्र आणि दगडू यांच्यात फार अंतर नाही, दोन्ही नावांत एका आईबापाची धास्ती आहे. बगदादच्या महालातही ही रीत पोचली होती. नवव्या शतकातला खलिफा अल-मुतवक्किल याची एक अतिशय देखणी दासी होती, पुढच्या एका खलिफाची ती आई झाली. तिचं नाव होतं कबीहा, म्हणजे कुरूप. दृष्ट लागू नये म्हणून. पण दगडूला दगडू म्हणणारी त्याची आई असते आणि कबीहाला कबीहा म्हणणारा तिचा धनी होता, हे मला दृष्टीआड करता येत नाही. साताऱ्यात २०११ साली नकुशा नावाच्या मुलींना जिल्हा परिषदेने समारंभ करून नवी नावं दिली, तेव्हा मुलींनी ती स्वतः निवडली होती. त्या बातमीतले फोटो बघताना मला जाणवलं की नावाचा अर्थ शब्दकोशात जितका असतो, त्याहून जास्त तो ठेवणाऱ्याच्या हेतूत असतो.

अरबी नावाची रचनाही समजून घ्यायला हवी. स्वतःचं नाव म्हणजे इस्म. मग नसब, इब्न अमुक, इब्न तमुक, बापाचा बाप, त्याचा बाप, अशी साखळी. वर कुन्या, अबू अमुक, म्हणजे अमक्याचा बाप. शेवटी निस्बा, म्हणजे गाव, टोळी किंवा धंदा सांगणारा भाग. माणूस नावातच मागे पूर्वजांशी आणि पुढे मुलांशी बांधलेला. गुलामाच्या बाबतीत मधली साखळी तुटलेली असे. बाप कोण ते कुणाला ठाऊक नाही किंवा कुणाला त्याची पर्वा नाही. मग अनेकदा 'इब्न अब्दुल्ला' लिहून टाकत, अल्लाच्या सेवकाचा मुलगा. कुणीही अल्लाचा सेवकच, म्हणून हे कधीच चूक ठरत नाही, आणि त्यातून काही कळतही नाही. चरित्रकोशांत एखाद्या मोठ्या विद्वानाचं नाव 'याकूत इब्न अब्दुल्ला' असं दिसलं की जाणकार वाचकाला लगेच कळतं, हा माणूस बाजारातून आला.

हा याकूत म्हणजे भूगोलकार याकूत अल-हमवी, मृत्यू १२२९. बैजंतिनी मुलुखातलं ग्रीक पोर. बगदादमध्ये सीरियातल्या हमा शहराच्या एका व्यापाऱ्याने त्याला विकत घेतलं. व्यापाऱ्याला लिहितावाचता येत नव्हतं, हिशेबाला कुणीतरी हवं होतं, म्हणून त्याने पोराला शिकवलं. त्या पोराने पुढे देशोदेशींच्या गावांचा प्रचंड कोश लिहिला. हजारो गावं, प्रत्येकाच्या नावाचा उच्चार कसा करायचा, ते नाव कुठून आलं, तिथे कोण जन्मलं. चरित्रकार इब्न खल्लिकान सांगतो की नावारूपाला आल्यावर याकूतने स्वतःला याकूब म्हणवून घ्यायला सुरुवात केली. याकूब हे एका प्रेषिताचं नाव. माणिकाचा प्रेषित केला. अरबीत लिहिताना फक्त दोन अक्षरं बदलतात. जगाने ते मानलं नाही. सातशेहून अधिक वर्षं तो याकूतच आहे. प्रत्येक गावाच्या नावाची इतकी काळजी घेणाऱ्या माणसाला स्वतःच्या नावाची दोन अक्षरं बदलून मिळाली नाहीत, याचं मला आजही वाईट वाटतं.

दुसरा काफूर. काफूर म्हणजे आपला कापूर. दहाव्या शतकात इजिप्तवर हुकूमत गाजवणारा हा काळा खोजा. पांढऱ्याशुभ्र कापराचं नाव त्याला मुद्दाम दिलेलं. वर कुन्या जोडली अबू अल-मिस्क, कस्तुरीचा बाप. ज्याला मूल होणं शक्य नाही अशी व्यवस्था आधीच करून ठेवलेली, त्याला सुवासाचा बाप म्हणायचं. १८ दिनारांना तो विकत घेतला गेला होता, असं चरित्रकार नोंदवतात. त्याच्या दरबारात अरबी भाषेतला बहुधा सर्वांत थोर कवी, अल-मुतनब्बी, ९५७ साली आला, त्याने काफूरची स्तुतिस्तोत्रं लिहिली, सुभेदारी मागितली, ती मिळाली नाही. ९६२ मध्ये तो पळून गेला आणि जाताना एक निंदाकाव्य मागे ठेवून गेला. गुलाम विकत घेशील तर सोबत काठीही विकत घे, अशा अर्थाची ओळ त्यात आहे. अरब जगातली शाळकरी मुलं ती आजही पाठ करतात. बावीस वर्षं एका राज्याचा गाडा सुरळीत चालवणाऱ्या काफूरचं काम इतिहासकारांना माहीत आहे, ती ओळ मात्र सगळ्यांना. कवितेची ताकद मी मानते, पण या बाबतीत मी काफूरच्या बाजूची आहे.

(देवगिरीवर चालून आलेला मलिक काफूर वेगळा, तीनेकशे वर्षांनंतरचा. तो खंभातच्या लुटीत सापडलेला. त्याला 'हजारदिनारी' म्हणत. म्हणजे नावाला किमतीची चिठ्ठीच चिकटवलेली.)

आता अंबर.

लिहिताना अन्बर, म्हणताना अम्बर. अरबीत ब च्या आधीचा न असाच बोलला जातो. मराठी कानाला या शब्दात आकाश ऐकू येतं, पण त्या अंबराशी याचा काही संबंध नाही. हा अंबर समुद्रातला. स्पर्म व्हेल नावाचा देवमासा खोल पाण्यातले माखूल खातो. माखलांच्या कठीण चोची पचत नाहीत, आतड्याला टोचतात, त्यांच्याभोवती मेणासारखा थर जमत जातो. फार थोड्या देवमाशांत हे घडतं. गोळा बाहेर पडतो तेव्हा काळा, मऊ आणि दुर्गंधी असतो. मग तो वर्षानुवर्षं तरंगत राहतो. त्यातल्या अँब्रिन या मुख्य पदार्थाला स्वतःचा वास जवळजवळ नसतोच. ऊन, हवा आणि खारं पाणी यांनी तो हळूहळू बदलतो, आणि त्या बदलातून जो वास तयार होतो त्यासाठी माणसं सोनं मोजत आली.

अरबांना हे मूळ ठाऊक नव्हतं. समुद्राच्या तळाशी अळंबीसारखं काही उगवतं, मासा ते गिळतो आणि मरतो, असं कित्येकांनी लिहून ठेवलं आहे. तरी माशाशी त्याचं नातं त्यांनी ओळखलं होतं. हदीशीत अबू उबैदाच्या मोहिमेची हकिकत येते. तीनशे माणसं किनाऱ्याने निघाली, शिधा संपला, झाडाचा पाला खायची वेळ आली. तेव्हा समुद्राने एक अजस्र मासा बाहेर टाकला. त्याचं नाव 'अन्बर'. त्यावर ती माणसं कित्येक दिवस जगली. त्याच्या दोन बरगड्या जमिनीत उभ्या रोवल्या तर खोगीर चढवलेला उंट खालून निघून गेला.

उंटांचीच आणखी एक गोष्ट. दहाव्या शतकातला अल-मसूदी सांगतो की हद्रमौतच्या बाजूला, शिहरच्या किनाऱ्यावर महरा लोक चांदण्या रात्री उंटांवर बसून वाळूवरून फिरत. उंट त्यासाठी तयार केलेले असत. लाटांनी अंबर टाकलेला दिसला की उंट आपोआप गुडघे टेकायचा, वरचा माणूस उतरून तो गोळा उचलायचा. सगळ्यांत चांगला अंबर याच किनाऱ्यावरचा आणि झंजच्या, म्हणजे पूर्व आफ्रिकेच्या समुद्रातला, असं तो म्हणतो. ज्या समुद्रातून हा माल येत होता त्याच समुद्रातून, त्याच बंदरांतून माणसंही आणली जात होती. दोन्ही माल एकाच बाजारात उतरत. मग एकाचं नाव दुसऱ्याला देणं व्यापाऱ्याला फार लांबचं वाटलं नसणार.

कोकणातल्या वाचकांना हा पदार्थ आता पोलिसी बातम्यांतून माहीत आहे. 'व्हेल माशाची उलटी जप्त, किंमत इतके कोटी', रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड. उलटी हा शब्द चुकीचा असला तरी रुळला. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यामुळे तो बाळगणं, विकणं गुन्हा आहे, आणि ते योग्यच आहे. आमच्या शहरातल्या जुन्या बाजारातल्या एका अत्तरवाल्या चाचांकडे मी अंबर मागितला होता. त्यांनी काचेच्या कांडीने एक थेंब माझ्या मनगटावर ठेवला, म्हणाले, "असली नाही हां बेटा, असली आता कुठं. हे बनवलेलं." मग म्हणाले, "लगेच हुंगू नका. घरी जा, काम करा, रात्री बघा." रात्री बघितलं. गोडसर, थोडा मातीचा, थोडा जुन्या लाकडाचा, आणि खाली कुठेतरी एक प्राण्याची ऊब. फुलाचा वास नाकाला येतो तसा तो येत नव्हता, अंगाचाच झाल्यासारखा वाटत होता. अस्सल अंबर कसा असेल याची त्यावरून कल्पना करता येते, इतकंच.

इथे एक उपमा अगदी हाताशी येऊन उभी राहते: खाऱ्या पाण्यात वर्षानुवर्षं हेलकावे खाऊन सुगंधी झालेला गोळा, आणि समुद्रापार विकला जाऊन थोर झालेला मुलगा. ही उपमा मला मान्य नाही. गुलामीने कुणाला सुगंध येत नाही. एका अंबरामागे किती पोरं वाटेतच संपली, किती जणांची नावं कुठल्याच वहीत नाहीत, हे त्या उपमेत पुसलं जातं. मलिक अंबर मोठा झाला तो विकला गेल्यामुळे नाही.

त्याचं आधीचं नाव चापू. इथिओपियात १५४८ च्या सुमाराचा जन्म. दख्खनमध्ये १६१७ साली त्याला भेटलेल्या पीटर व्हान डेन ब्रूक या डच व्यापाऱ्याने लिहून ठेवलंय की येमेनच्या मोखा बंदरात तो २० डुकाटांना विकला गेला होता. पुढे बगदादला मीर कासिम नावाच्या व्यापाऱ्याकडे तो आला. त्याने पोराची हुशारी पाहिली, त्याला लिहायला-वाचायला, हिशेबाला, कारभाराला शिकवलं, मुसलमान केलं आणि नाव ठेवलं अंबर. मीर कासिम क्रूर होता असं म्हणायला काही आधार नाही. शिकवणारा मालक त्या काळी भला मालक. नावही त्याने प्रेमाने ठेवलं असेल. मौल्यवान, दुर्मिळ, काळसर करडं, सुगंधी. पण त्या वाळवंटी अरबाचं उत्तर इथे लागू होतंच. ते नाव मीर कासिमसाठी होतं.

मग दख्खन. अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याने त्याला विकत घेतलं. हा चंगीझखान स्वतः हबशी, स्वतः एकेकाळचा गुलाम, आणि त्याच्याकडे असे सुमारे हजार हबशी होते. चंगीझखान १५७४-७५ च्या सुमारास मारला गेला आणि त्याच्या विधवेने अंबरला मोकळं केलं. मोकळा झाल्यावर तो चापू होऊ शकला असता. कुणी अडवलं नसतं. तो अंबरच राहिला. विजापूरकरांच्या चाकरीत 'मलिक' हा किताब मिळाला, तो त्याने पुढे लावला. मागचं तसंच ठेवलं.

पुढचं मराठी माणसाला सांगायला नको, तरी थोडं. मोगलांनी १६०० साली अहमदनगरचा किल्ला घेतला, निजामशाही संपल्यात जमा होती. अंबरने परांड्याला एका राजपुत्राला गादीवर बसवलं, आपली मुलगी त्याला दिली, आणि सव्वीस वर्षं राज्य उभं धरलं. मोगलांची रसद तोडणं, डोंगरांतून अचानक येऊन मारणं आणि नाहीसं होणं, या पद्धतीने लढणारी मराठा घोडदळं त्याच्याकडे होती. १६२४ ला भातवडीला त्याने मोगल आणि विजापूर यांच्या एकत्र फौजेला तलावाचं पाणी सोडून जेरीस आणलं. शहाजीराजे त्या लढाईत होते, त्यांचे भाऊ शरीफजी तिथेच पडले.

जहांगीरला तो इतका सलत होता की स्वतःच्या आठवणींत त्याचं नाव साधं लिहवत नव्हतं. काळतोंड्या अंबर, कमनशिबी अंबर. काळेपणाला सुगंधी नाव लागलेलं त्याला सहन होत नव्हतं, म्हणून प्रत्येक वेळी शिवीने त्याचा वास मारायचा. डब्लिनच्या चेस्टर बीटी संग्रहात अबुल हसनने काढलेलं चित्र आहे, १६१६ च्या आसपासचं. जहांगीर पृथ्वीच्या गोलावर उभा राहून धनुष्य ओढतोय, समोर भाल्याच्या टोकावर अंबरचं छाटलेलं डोकं, त्यावर घुबड. हे कधी घडलंच नाही. अंबर १६२६ मध्ये, ऐंशीच्या घरात, आपल्या अंथरुणावर गेला. तो गेल्यावर जहांगीरच्याच दरबारातल्या मुतमदखानाने लिहिलं की युद्धात, कारभारात, न्यायबुद्धीत त्याला जोड नव्हती आणि त्याने शेवटपर्यंत आपला मान राखला. हाशिम या चित्रकाराने काढलेलं त्याचं एक चित्र लंडनला आहे: पांढरा जामा, हातात लांब तलवार, थोराड अंग, एका बाजूने दिसणारा चेहरा. चेहऱ्यावर कसलाही आव नाही. जहांगीरच्या त्या चित्रानंतर हे बघावं.

मराठीने त्याच्या नावाचं जे केलं ते मला सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं. कागदपत्रांत मलिक आणि अंबर वेगळे राहिलेच नाहीत, 'मलिकंबर' असा एकच शब्द झाला. आणि त्याचं विशेषण झालं, मलिकंबरी. मलिकंबरी धारा, मलिकंबरी पद्धत. जमिनीची प्रत बघून सारा ठरवायची, पाटील-कुळकर्ण्यांना गावाशी बांधून ठेवायची ती व्यवस्था. त्याच्यानंतर दोनशे वर्षांनी कंपनी सरकारचे अधिकारी दख्खनच्या गावांतला सारा समजून घ्यायला निघाले, तेव्हाही त्यांना मलिकंबराचं नाव ऐकू आलं. शेतसाऱ्याच्या पद्धतीला लागलेलं नाव गावकऱ्याला नकोसं असतं, तिथे हे आदराने घेतलं जात होतं.

आमच्या शहराचंही तसंच. १६१० ला त्याने खडकी वसवली. तीच फतेहनगर, औरंगाबाद आणि आता छत्रपती संभाजीनगर. त्याने इथे पाणी आणलं. उत्तरेच्या टेकड्यांत मुरलेलं पाणी जमिनीखालच्या खापरी नळांतून, फक्त उताराच्या जोरावर, मैलोन्‌मैल चालवत शहरात. हवेचा दाब सुटावा म्हणून मध्ये मध्ये मनोरे. त्याला नहर-ए-अंबरी म्हणतात. जुन्या वस्त्यांत लोक नुसतं 'नहर' म्हणतात, आणि उन्हाळ्यात टँकरची वाट बघताना तिची आठवण काढतात. आज ती जागोजागी फुटली आहे, वर घरं झाली आहेत. मुलांना मी दरवर्षी तिचे मनोरे दाखवायला नेते आणि सांगते की हे राखायला हवेत. शहराचं नाव काहीही असो, पाणी आणणाऱ्याचे उपकार फेडायचे असतील तर आधी त्याचे नळ तरी फोडू नयेत.

खुलताबादला त्याची कबर आहे. भद्रा मारुतीला, वेरूळला जाणारी गर्दी तिकडे वळत नाही, औरंगजेबाच्या कबरीकडे वळलेली माणसंही पुढे येत नाहीत. दगडी, घुमटाची, भारदस्त इमारत. त्याच्या बायकोची, बीबी करीमाचीही कबर जवळच आहे. करीमा म्हणजे उदार, कृपाळू. या नावाला बाजाराचा वास नाही.

अंबर हे नाव पुरुषाला आता फारसं कुणी ठेवत नाही. माझ्या हजेरीपटावर मात्र अंबरीन असते, कधी एकाच तुकडीत दोन असतात. फारसीत अंबरीन म्हणजे अंबराच्या सुवासाचं; उर्दू शायरीत ते केसांसाठी वापरतात. ही नावं आईबापांनी, आजीने, मावशीने हौसेने ठेवलेली. सिद्दींतही नावाचा उतरलेला भाव चढत गेला: जंजिऱ्याच्या सिद्दी कासिमला औरंगजेबाने याकूतखान हा किताब दिला. भूगोलकार याकूत ज्या नावातून बाहेर पडू पाहत होता, ते साडेचारशे वर्षांनी बादशहाकडून मिळणारा सन्मान झालं होतं.

आणि अंबरने स्वतः काय नावं ठेवली? त्याच्या दोन मुलांची नावं इतिहासात आहेत. एक फतेहखान. फतेह म्हणजे विजय. हे नाव शत्रूच्या कानी पडण्यासाठी आहे, स्वतंत्र माणसाने मुलाला द्यावं तसं. दुसरा चंगीझखान. म्हणजे ज्या हबशी पेशव्याने त्याला अहमदनगरात विकत घेतलं, त्याचं नाव. मी यावर बराच विचार केला आहे. मालकाचं नाव मुलाला देणं ही स्वामिनिष्ठा म्हणता येईल, आणि तसं म्हणून लोक पुढे जातात. मला ते तसं दिसत नाही. आपल्याकडे नातवाला आजोबांचं नाव ठेवतात, त्यासाठी आजोबा लागतात. चापूच्या बापाचं नाव कुठल्याच कागदात नाही, मोखाच्या बाजारात ते कुणी विचारलं नाही. चंगीझखान त्याच मुलखातून, तशाच बाजारांतून आलेला, त्याच्याआधी ती वाट चाललेला, आणि त्याच्या घरातून अंबरला मोकळीक मिळालेली. ज्याच्या वंशाची साखळी कुणीतरी तोडून टाकली होती त्याने मुलासाठी आजोबा निवडला तो हा, असं मी माझ्या मुलांना सांगते.